वाईट बातमीचा चेहरा

सिनेमात मी आजवर एकालाही चांगली बातमी दिलेली नाही. हवालदार असो, गडी असो, दवाखान्यातला कंपाउंडर असो की कारखान्यातला मुकादम, मी दारातून धावत येतो, चौकटीला धरून धाप टाकतो आणि कुणीतरी मेल्याचं सांगतो. गाडी दरीत कोसळली हे मी सांगितलेलं आहे. थोरले मालक गेले, हेही मीच. एकदा अख्खं गाव पुरात वाहून गेल्याचं एका दमात सांगायचं होतं, ते मी कर्जतच्या ऐन उन्हाळ्यात अंगावर बादलीभर पाणी ओतून घेऊन सांगितलं. एवढं झालं की कॅमेरा नायकाच्या तोंडावर जातो आणि माझं काम संपतं. मुलगा झाला, नोकरी लागली, ऑपरेशन यशस्वी झालं, असली वाक्यं दुसऱ्या लोकांना मिळतात. त्यांची तोंडं गोल असतात.

हे सगळं सुरू झालं माझ्या टेबलावर. खालापूरला तहसील कचेरीबाहेर माझं टायपिंग आणि झेरॉक्सचं दुकान आहे. दुकान म्हणजे एक टेबल, एक कॉम्प्युटर, खोकल्यासारखा आवाज काढणारं झेरॉक्स मशीन आणि भोवती पत्र्याची टपरी. एके दिवशी एका सिनेमा कंपनीची असिस्टंट पोरगी नदीकाठच्या शूटिंगच्या परवानगीचा अर्ज टाइप करून घ्यायला आली. मी टाइप करत होतो आणि ती माझ्याकडे बघत होती. शेवटी तिनं हळूच विचारलं, "काका, घरी सगळं ठीक आहे ना?"

"ठीक आहे," मी म्हटलं. "अर्धचंद्र कुठल्या बटणावर आहे ते शोधतोय."

"तुमचा चेहरा एकदम वाईट बातमीचा आहे," ती म्हणाली. "उद्या मोकळे आहात का?"

मी चिडलो. माणसाच्या तोंडावर त्याच्या तोंडाबद्दल असं बोलायची काही रीत आहे का? घरी जाऊन बायकोला सांगितलं, तर ती शेंगा सोलता सोलता म्हणाली, "बरोबर बोलली ती. तुमी मला बघायला आलात तवा मला वाटलं, आमच्या मामाचं काय बरंवाईट झालं." माझे डोळे कडेला उतरते आहेत, नाक लांब आहे आणि ओठ मिटले की त्यांची टोकं खाली वळतात, याला माझा नाइलाज आहे. तरी दुसऱ्या दिवशी आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून मी गेलो. त्यांनी शर्ट चुरगाळला, केस विस्कटले आणि "सरकार, घात झाला" एवढंच बोलायला लावलं. एका फटक्यात झालं. दिग्दर्शक म्हणाला, ह्या माणसाचा नंबर लिहून ठेवा.

त्याला आता बारा-तेरा वर्षं झाली. कर्जतच्या बाजूला शूटिंग वाढलं, बंगले आणि शेतघरं भाड्यानं जायला लागली, आणि दोन वाक्यांसाठी मुंबईहून माणूस आणण्यापेक्षा खालापूरचा बरा हे त्या लोकांच्या ध्यानात आलं. "काका, उद्या हवालदार," असा फोन आला की मी दुकानाला कुलूप लावतो आणि दारावर पाटी अडकवतो: 'शूटिंगला गेलो आहे.' ती पाटी मी स्वतः टाइप केली आहे, ठळक अक्षरात. लोक म्हणतात, याच्या डोक्यात हवा गेली. गेलीच आहे. कचेरीबाहेर वीस वर्षं बसलेल्या माणसाच्या डोक्यात थोडी हवा गेली तर कुणाचं काय बिघडलं?

या कामाची एक गंमत लोकांना माहीत नसते. ज्याला बातमी द्यायची तो माणूस समोर नसतोच. मोठा नट त्याच्या गाडीत आराम करत असतो, नाहीतर त्याची तारीख पुढच्या आठवड्यातली असते. मग कॅमेऱ्याशेजारच्या स्टँडला लाल चिकटपट्टी लावतात आणि सांगतात, "काका, ही पट्टी म्हणजे तुमचे मालक." मी पट्टीकडे बघून सांगतो की मालक, तुमचा एकुलता एक मुलगा राहिला नाही. पट्टी ऐकून घेते. पुढे त्या बातमीनं माणसाचं काय होतं, हे मी बाकीच्या प्रेक्षकांबरोबर खुर्चीत बसून बघतो.

खऱ्या बातम्या तर मला दुकानात रोज ऐकायला मिळतात. वारसनोंदीच्या अर्जासाठी येणारी माणसं काही हंबरडा फोडत नाहीत. "बाबा गेले, दोन झेरॉक्स काढा, आधार कार्ड मागून-पुढून," असं एका वाक्यात सांगून मोकळी होतात. पहिल्या दोन-तीन सिनेमांत मी तसंच सांगून बघितलं. एक दिग्दर्शक म्हणाला, काका, भाजीचा भाव सांगताय का? मग मी माझी स्वतःची पद्धत बसवली. डावा हात छातीवर, एक आवंढा, नजर आधी जमिनीला आणि मग सावकाश वर. ती अशी काही बसली की नंतर मला कुणी काही शिकवायच्या भानगडीत पडलं नाही.

माझे दोन सख्खे चाहते होते. एक माझा थोरला भाऊ. दादा खोपोलीच्या एका कारखान्यातून रिटायर झालेला, उंच, टकला, तापट माणूस. टीव्हीवर मी दिसलो की तो आळीत हाका मारायचा, "या रं लवकर, माझा भाव आला. आता कोनतरी मेलं समजा." दुसरी आमची आक्का. ती आम्हा दोघांच्या मधली, कर्जत रस्त्याला डोंगराच्या पायथ्याशी एका गावात दिलेली. तीही माझा एकूण एक सिनेमा बघायची आणि फोन करायची. दोघं मला वेगवेगळा फोन करायचे, कारण सहा वर्षं ती दोघं एकमेकांशी बोलत नव्हती.

भांडण अक्षतीचं. आमच्याकडे लग्नाचं बोलावणं म्हणजे माणूस दारात आला पाहिजे, पाटावर बसून त्यानं अक्षत दिली पाहिजे, मगच ते बोलावणं. आक्काच्या मुलीच्या लग्नात तिच्या मुलानं सगळ्या गोताला मोबाइलवर पत्रिका पाठवली. तिच्यात सनई वाजायची आणि गणपती गोल फिरायचा. सगळे गेले. दादा गेला नाही. नवा सफारी घालून, बॅग भरून तो दोन दिवस ओटीवर बसून राहिला, कुणीतरी अक्षत घेऊन येईल म्हणून. कुणी आलं नाही. इकडे मंगलाष्टकांच्या वेळी नवरीच्या पाठीशी थोरला मामा उभा राहायचा, तिथं मी उभा राहिलो. आक्कानं एकदा मान वळवून माझ्याकडे बघितलं. मुख्य नटाच्या जागी बदली माणूस आल्यावर प्रेक्षक बघतात, तसं.

तेव्हापासून दोघांचं तोंड बंद. तो म्हणायचा, तिनं मला बोलावलं नाय. ती म्हणायची, सख्ख्या भावाला बोलवायला लागतं व्हय? दोघांचंही बरोबर होतं, म्हणूनच ते सहा वर्षं टिकलं.

मग तो कावळा आला. पावसाळ्याआधीची वाळवणं चालली होती आणि दादा अंगणात वाल उन्हात पसरत होता. शेजारच्या आंब्यावर कावळिणीनं पिल्लं काढली होती. ती खाली झेपावली आणि त्याच्या टकलावर पंजा मारून गेली. आमच्याकडे कावळा डोक्याला शिवणं म्हणजे यमाचं बोलावणं समजतात. तीस वर्षं भट्टीसमोर उभा राहिलेला माझा भाऊ, तो त्या संध्याकाळी खाटेवर आडवा झाला तो उठेना. तीन दिवस अन्नाला शिवला नाही. त्याला शुगर होती. डॉक्टर म्हणाले, असं उपाशीपोटी पडून राहिला तर मला ह्याला भरती करून घ्यावं लागेल.

वहिनीनं मला बोलावून घेतलं. कावळा शिवल्यावर उतारा एकच, हे मलाही माहीत होतं. माणूस गेल्याची खोटी बातमी नातेवाइकांना द्यायची. ते खरं समजून रडले की आलेलं मरण तेवढ्यावर भागतं. पूर्वी त्यासाठी पत्र टाकायचे.

"दोघा-तिघांना फोन केला भावोजी," वहिनी म्हणाली. "कोन रडतच नाय. एकजन म्हनाला, फोटो पाठवा. आता सख्ख्या भैनीच्या डोळ्यात पानी आलं तर. तुमी येवडं लोकांच्या पिच्चरमदी सांगता, एकदा घरच्यासाटी सांगा."

माझा कावळ्यावर विश्वास नाही. मी अंधश्रद्धेविरुद्धचे दोन माहितीपट केले आहेत, दोन्हींत गावकरी म्हणून. पण कावळ्यानं मरेल की नाही देव जाणे, कावळ्याच्या धसक्यानं हा माणूस मरेल हे मला समोर दिसत होतं. दादा तोंडावरून चादर घेऊन पडला होता. उंच माणूस, चादर पुरत नव्हती. वहिनीनं दोनदा ओढून बघितली, तरी पाय बाहेरच. डाव्या अंगठ्याला नख नव्हतं. लहानपणी आक्काला शेंड्याची कैरी हवी होती म्हणून हा आंब्यावर चढला आणि फांदीसकट खाली आला, तेव्हापासून ते नख कधी धड उगवलं नाही. "आज लई गार पडलेत, मोजे घालू का ओ?" वहिनीनं मला विचारलं. मी स्कूटरची किल्ली शोधायला लागलो.

मी निघालो तेव्हा चादरीखालून आवाज आला, "ए."

"काय रं दादा?"

"जास्त रडवू नको तिला." चादरीबाहेरचा एक पाय दुसऱ्यावर घासला. मग, "पन बघ, रडते का ती."

त्याला जगायचं होतं हे खरं, पण त्याहून त्याला हे कळायला हवं होतं. आणि ते उत्तर आणायचं काम माझ्यावर आलं होतं.

खोटं कशाला सांगू, स्कूटर सुरू केल्यावर मला हुरूप आला. आयुष्यात पहिल्यांदा पट्टीऐवजी माणूस समोर असणार होता. मी भूमिकेची तयारी केली. शर्टाचं वरचं बटण काढलं. एका पायात माझी चप्पल आणि एका पायात वहिनीची घातली, घाईत निघालेला माणूस दिसावा म्हणून. वाटेत एका मोरीवर गाडी थांबवून वाक्य तीनदा म्हणून बघितलं. बाजूला म्हशी राखत बसलेली एक बाई उठून उभी राहिली आणि म्हणाली, "कोन गेलं रं बाबा?" मी समजलो, तयारी झाली.

आक्का ओटीवर फणस फोडून बसली होती. हाताला तेल, पुढ्यात विळी, वर्तमानपत्रावर गऱ्यांचा ढीग. मला बघून म्हणाली, "ये रं. कापा हाय, बरका नाय. घे."

मी खांबाला धरून उभा राहिलो. डावा हात छातीवर. आवंढा. जमीन. मग वर. "आक्का," मी म्हणालो, "दादा गेला."

तिच्या हातातला गरा हातातच राहिला. "कवा?"

"सकाळी."

"मंग तू हितं काय करतोस? तितं मानसं कोन गोळा करतंय?"

सिनेमात मला कधी कुणी उलट प्रश्न विचारलेला नाही. मी आणखी एक आवंढा गिळला.

"आन तो हात खाली घे," आक्का म्हणाली. "ह्यो हात तू पोलिसाच्या पिच्चरमदी ठेवला होतास. बोट बुडाली त्या पिच्चरमदी पन ह्योच. मला शिकवतोस व्हय? कावळा-बिवळा शिवला काय त्याला?"

मला संताप आला. सात-आठ वर्षांच्या कामाचा तिनं दोन वाक्यांत फणसासारखा निकाल लावला होता. हात आपोआप खाली आला आणि मी भांडायलाच लागलो. "कसला कावळा? आत्ता त्याला बघून येतोय मी. अंगावर चादर घातलीय, ती पुरत नाय. वहिनी ओढतेय, तरी पाय बाहेर. अंगठ्याला नख नाय तो पाय पन बाहेर. पाय गार पडलेत, मोजे घालू का म्हनून मला विचारते. मी काय सांगू तिला?"

बोलता बोलता माझंच मला ऐकू आलं. मी झेरॉक्सच्या गिऱ्हाइकासारखा बोलत होतो, सपाट, चिडून, एकामागून एक. त्यातलं एक अक्षरही खोटं नव्हतं. आणि हे असंच एक दिवस खरंखुरं सांगावं लागणार आहे, हे तेव्हा पहिल्यांदा माझ्या डोक्यात शिरलं.

आक्काच्या हातातून गरा खाली पडला. ती रडायला लागली, आवाज न करता, नुसतं तोंड उघडून. हात तेलानं आणि चिकानं भरलेले, त्यामुळे तिला डोळे पुसता येईनात. मनगटानं नाक पुसायला गेली तर चीक गालाला लागला आणि त्याला केस चिकटले. "मी नाय गेले त्याला बोलवायला," ती म्हणाली. "दोन एसटी जातात दिवसाला. मी नाय गेले."

मी बघत उभा राहिलो. बातमी दिल्यावर माणसाचं काय होतं ते माझ्यापासून चार हातांवर होत होतं. लगेच सांगायला हवं होतं की दादा जिवंत आहे. डोळ्यांतून पाणी आलं होतं, काम झालं होतं. पण मी सांगितलं नाही. सांगायला लाज वाटते, पण मी कोणीतरी 'कट' म्हणायची वाट बघत होतो. सात-आठ वर्षांची सवय. वाक्य संपलं की मी तसाच उभा राहतो, आणि कुणीतरी कट म्हणतं, आणि मग चहा येतो. आक्काच्या ओटीवर कट म्हणायला कुणी नव्हतं. ती रडत रडत पुढे वाकली आणि तिचं कपाळ त्या वर्तमानपत्राला टेकलं, तेव्हा मी भानावर आलो.

"आक्का, दादा हाय," मी ओरडलो. "जिता हाय. कावळाच शिवला त्याला. तुझी शपथ."

तिनं मान वर केली. माझ्याकडे बघितलं. मग उठून माझ्या गालफडात अशी एक ठेवून दिली की तिची चारही बोटं मला चिकटली. फणसाचा चीक होता तो. मिशीतून तो काढायला तीन दिवस खोबरेल लागलं, आणि त्या आठवड्यात आलेलं सावकाराच्या मुनीमाचं काम मला सोडावं लागलं. मारून झाल्यावर ती आत गेली. मला वाटलं आता काठी आणते. ती बाहेर आली ती लुगडं बदलून, डब्यात गरे भरून. "गाडी काढ," म्हणाली.

खोपोलीपर्यंत ती मागे बसून मला शिव्या देत होती. सुरुवात माझ्यापासून झाली, मग दादा, मग कावळा, आणि खोपोली यायच्या सुमारास मोबाइल शोधून काढणाऱ्यापर्यंत गेली. दादाच्या घरात शिरली ती सरळ खाटेपाशी गेली आणि तिनं त्याच्या तोंडावरची चादर ओढली.

"ऊठ," ती म्हणाली. "रडून आले तुज्यासाटी. आता हे खा."

दादा उठून बसला. सहा वर्षांनी ती दोघं एकमेकांकडे बघत होती. मला वाटलं आता हा विरघळणार. तो म्हणाला, "अक्षत आनलीस का?"

वहिनीनं कपाळाला हात लावला. आक्का तरातरा स्वयंपाकघरात गेली, तांदळाच्या डब्यातून मूठ भरून आली आणि हळदीबिळदीच्या फंदात न पडता तिनं ती मूठ त्याच्या टकलावर उधळली. "घे. तुझ्या भाचीचं पोरगं शाळंत जायला लागलं. तरी ये लग्नाला."

दादानं डोक्यावरचे तांदूळ झटकले नाहीत. डबा उघडला आणि एक गरा तोंडात टाकला. डॉक्टरांनी फणस खाऊ नका म्हणून सांगितलेलं होतं, पण त्या दिवशी डॉक्टरांना कोण विचारतंय. त्यानं सहा खाल्ले. मग तोंड पुसून मला बाजूला घेतलं आणि विचारलं, "किती रडली?"

"लई," मी म्हटलं.

"आवाज काढून का नुसतीच?"

"नुसतीच."

त्याचं समाधान झालं. पुढची चार वर्षं तो हा विषय काढत राहिला. आक्का पंधरा दिवसांनी एसटीनं यायची, दोघं ओटीवर बसून भांडायची, आणि मध्येच तो विचारायचा, "खरं सांग, किती रडलीस तवा?" ती म्हणायची, "थोडीच. डोळ्यात चीक गेला होता." माझे सिनेमे आता ती दोघं एकत्र बघायची आणि मला एकच फोन यायचा. त्यात माझ्या कामाची तारीफ कमी आणि माझ्या डाव्या हाताची टिंगल जास्त.

गेल्या वर्षी, दिवाळीच्या थोडं आधी, मी कर्जतच्या बाजूला एका शूटिंगला होतो. हवालदाराचा ड्रेस चढवून झाला होता, तोंडाला रंग लागला होता आणि माझा शॉट यायचा होता. सकाळचे साडेदहा असतील. खिशातला फोन थरथरला. वहिनी होती.

"भावोजी," ती म्हणाली, "हे गेले. दोन भाकऱ्या खाल्ल्या, हात धुवायला उठले आन तितंच बसले. डॉक्टर येऊन गेले." मग म्हणाली, "तुमी जेवून या."

मी "बरं" म्हणालो आणि जवळच्या लाइटच्या पेटीवर बसलो. समोर मुंबईचा एक नट पोहे खात होता. कुणीतरी हसत होतं. आपल्याला बातमी मिळाल्यावर आपलं काय होतं, ते मला सांगता येणार नाही. मी हवालदाराची टोपी काढून मांडीवर ठेवली आणि तिच्यातला घाम रुमालानं पुसत बसलो, एवढं आठवतं.

मग आक्काला कळवायचं होतं. ते माझंच काम होतं. मी जनरेटरच्या मागे गेलो आणि नंबर लावला.

"आक्का."

"बोल रं."

"दादा," मी म्हणालो.

ती हसली. "आता कुटं शिवला कावळा? ह्या टायमाला मी नाय रडायची, सांग त्याला. फशिवलंत एकदा, लई झालं." ती मनापासून हसत होती. ती हसते आहे तोवर तिचा भाऊ जिवंत होता, आणि तिला थांबवायचं माझ्या जिवावर आलं. मी तोंड उघडलं. बारा वर्षं मी हे वाक्य पोटापाण्यासाठी बोललो होतो, मराठीत, हिंदीत, एकदा तर नुसतं ओठ हलवून भोजपुरीत. त्यातला एक शब्द बाहेर पडेना. मी पुन्हा "दादा" म्हणालो. मग तेही जमेना.

तिचं हसू कमी कमी होत थांबलं.

"ए," ती म्हणाली. "बोल ना रं."

पलीकडून तिच्या श्वासाचा आवाज येत होता.

"बरं," आक्का म्हणाली. आवाज अगदी खाली होता. "तू बस कुटंतरी. पानी पी. गाडी तू चालवू नको, कुनाला तरी सोडायला सांग. मी निगाले."

शूटिंगवरच्या एका असिस्टंट पोरीला मी सांगितलं, म्हणजे फोनच दाखवला असावा. तिनं मला कंपनीच्या गाडीत बसवलं. कपडे बदलायचं कुणाला सुचलं नाही. दादाच्या आळीत मी हवालदाराच्या वेशात उतरलो तेव्हा जमलेली माणसं बाजूला झाली आणि एका म्हाताऱ्यानं दुसऱ्याला विचारलं, "पोलीस कशाला आले रं, काय भानगड झाली का?" दादा असता तर ही गोष्ट त्यानं वर्षभर सांगितली असती.

आक्का माझ्या आधी पोचली होती. वहिनीच्या शेजारी भिंतीला टेकून बसली होती, डोळे सुजलेले. बाकीच्या गोताला कळवायचं राहिलं होतं. आमच्याकडे ते काम धाकट्या भावाचं. वहिनीनं कॅलेंडरच्या पानामागे नावं लिहून ठेवली होती: मुंबईचे चुलते, माथेरानच्या हॉटेलात कामाला असलेले दोघे भाचे, कारखान्यातले दोस्त. मी पान हातात घेतलं, पहिला नंबर लावला आणि फोन कानाला लावून उभा राहिलो. पलीकडे घंटी वाजत होती. मी पानावरचं पहिलंच नाव पुन्हा पुन्हा वाचायला लागलो.

आक्का उठली आणि तिनं माझ्या कानापासून फोन काढून घेतला.

"दे हिकडं," ती म्हणाली. "तुझं सांगून झालं. बाकीच्यास्नी मी सांगते."

मी खाली बसलो, आणि तिच्या तोंडून माझ्या भावाची बातमी ऐकत राहिलो.